इंटरवलनंतरचे सोनाजीबापू

आमच्या गल्लीतली माणसं सिनेमा इंटरवलपर्यंतच बघायची. दिवे लागले की आम्ही सगळे उठायचो, झोपलेली पोरं खांद्यावर टाकायचो, उरलेले फुटाणे पिशवीत बांधायचो आणि शेअर रिक्षानं पडेगावला परत यायचो. टॉकीजच्या दारावरचा माणूस आम्हाला ओळखायला लागला होता. बाहेर पडताना तो हळू आवाजात विचारायचा, "गेले का?"

"गेले," आई म्हणायची.

"कशानं?"

"साप."

"अरेरे," असं म्हणून तो दार लावून घ्यायचा.

गेलेले असायचे आमचे शेजारी सोनाजीबापू. म्हणजे सिनेमात गेलेले. एरवी ते आमच्यातच असायचे. हातात पिशवी घेऊन सगळ्यांच्या पुढं चालायचे आणि रिक्षावाल्याला म्हणायचे, "चल बाबा, छावणीतून घे, पेट्रोल कमी जळतंय."

बापू आता पडेगावात राहत नाहीत. लेकीच्या बाळंतपणासाठी काकूंना घेऊन जालन्याला गेले ते नातवाच्या नादानं तिकडंच राहिले. त्यांच्या घराला कुलूप आहे. कॉलेजला जाताना मी ते रोज बघते. मी बी. ए.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. आमच्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच, त्यामुळं एखाद्या माणसावर असं पानं भरून कसं लिहायचं, हे घरात विचारायला कुणी नाही. कुठून सुरुवात करायची तेही नीट माहीत नाही. बापू म्हणायचे, पहिला टेक कुणाचाच चांगला नसतो, दुसऱ्यात माणूस सापडतो. त्या भरवशावर लिहिते.

बापू दिसायला उंच, सडपातळ. पांढऱ्या मिशा जाड. पण त्यांचा चेहरा खास असा नव्हता, आणि तीच त्यांची खरी मिळकत होती. कुठल्याही गावाच्या पारावर नेऊन बसवला तर तो माणूस त्याच गावचा वाटावा. सिनेमासाठी इकडची माणसं पुरवणारा एक कोऑर्डिनेटर होता. तो फोनवर म्हणायचा, "बापू, उद्या तुमचा फेस लागणार आहे."

फोन नेहमी स्पीकरवर असायचा. आतून गयाकाकू, म्हणजे बापूंची बायको, ओरडायच्या, "फेस घेऊन जावा मग! बाकीचं घरी ठिवा, सरपण फोडायचंय."

बापू धनगराच्या घरचे. सिनेमात आले ते मेंढरांमुळं. तरुणपणी ते दौलताबादच्या बाजूला मेंढरं चारत होते. तिथं किल्ल्याच्या पायथ्याशी एका सिनेमाचं शूटिंग लागलं. त्यांना धनगराचा एक सीन करायचा होता. धनगर मुंबईहून आणला होता आणि मेंढरं बापूंची घेतली होती. मुंबईचा धनगर काठी घेऊन ऐटीत पुढं चालायला लागला. मेंढरं जागची हलली नाहीत. त्यानं हाका मारल्या, कागदावर लिहून दिलेले आवाज काढले. मेंढरांनी एकदा त्याच्याकडं बघितलं आणि ती चरायला लागली. दुपार झाली. शेवटी डायरेक्टरनं वैतागून विचारलं, "ही जनावरं कुणाचं ऐकतात?"

बापू झाडाखाली भाकरी खात होते. तिथूनच त्यांनी जिभेनं 'ट्र्र्' केलं. मेंढरांचं सगळं खांड मुंबईच्या धनगराला वळसा घालून बापूंकडं आलं.

"मग त्या बिचाऱ्याची कापडं काढून माझ्या अंगात घातली," बापू सांगायचे. "आन् मला सांगितलं, चालत जा, तिकडून दरोडेखोर येतील आन् तुला मारतील. म्हटलं, मारूद्या. पर मेंढराला हात लावायचा नाय."

पहिल्याच सिनेमात बापू पहिल्या दहा मिनिटांत मेले. बहुतेक त्यामुळंच त्यांच्या नशिबाला ती सवय लागली. त्यानंतर ते गोळी लागून मेले, साप चावून मेले, बसखाली मेले. पोरगी पळून गेल्याचं ऐकून छातीला हात लावून तर किती वेळा मेले. एकदा चहातल्या विषानं मेले. एकदा पाटलाच्या वाड्यावर न्याय मागायला गेले आणि परत आले नाहीत. ते सीनमध्ये असताना कुणी मरणार असेल तर ते बापूच मरायचे. हिरोला बदला घ्यायला काहीतरी कारण लागतं ना, ते कारण म्हणजे बापू.

मरण्याबद्दल त्यांची मतं पक्की होती. "गोळीचं मरण सोपं. ढकलल्यासारखं पडायचं. सापाचं अवघड, त्यात आधी साप दिसल्यासारखं करायचं असतंय आन् साप तर असतो पेटीत. सगळ्यात अवघड म्हंजे मेल्यावरचं. हिरोईन उरावर पडून रडती. तिचे केस नाकात जातेत."

एका शूटिंगला ते मेलेले असताना त्यांच्या नाकावर माशी बसली. हिरो रडत होता, कॅमेरा चालू होता. माशी नाकावरून ओठावर आली, ओठावरून मिशीत शिरली. बापू हलले नाहीत. सीन झाल्यावर सगळ्या युनिटनं टाळ्या वाजवल्या. बापूंना वाटलं, हिरोसाठी वाजवल्या, म्हणून त्यांनी पण पडल्या पडल्या वाजवल्या.

पण खरी गंमत घरी असायची. गयाकाकूंचा नियम होता की मेलेला माणूस अंघोळ केल्याशिवाय घरात येणार नाही. मातीला जाऊन आलेलं माणूस जसं दारातच पाणी घेतं, तसंच. शूटिंगहून बापू आले की काकू उंबऱ्यात आडव्या उभ्या राहायच्या.

"मरून आलात का?"

"व्हय."

"थांबा तिथंच."

मग अंगणात बादली यायची. पाण्यात कडुलिंबाचा पाला. बापू भर थंडीतही अंगणात अंघोळ करायचे, कुडकुडत काकूंना म्हणायचे, "अगं, खोटंच मेलो ना."

"मरणाला खरं-खोटं कळत नसतंय. नाव ऐकलं की येतंय बघायला."

त्यामुळं बापूंच्या अंगणात पाल्याची बादली दिसली की गल्लीला कळायचं. शफीकभाई शिंपी गुलमंडीतल्या दुकानातून सायकलवर घरी येताना बादली बघून थांबायचे. "क्या बापू, आज किसके हाथ से?"

"मेव्हण्यानं मारलं. प्रॉपर्टीसाठी."

"हौ क्या! सगे मेव्हणे ने? जमाना खराब है."

आता मुख्य गोष्टीकडं येते. बापूंना वाचता यायचं, पण बेताचंच. दुकानावरची पाटी वाचायचे, बसचा नंबर वाचायचे. डायलॉग मोबाइलवर यायचे, तेव्हा मात्र त्यांना वाचून दाखवणारं माणूस लागायचं. एकदा ऐकलं की ते डोळे मिटायचे, दुसऱ्यांदा ऐकलं की मान हलवायचे, तिसऱ्यांदा स्वतः म्हणायचे. विसरायचे नाहीत. एकच अडचण होती. डायलॉगबरोबर वाचणारं माणूसही त्यांच्या डोक्यात जायचं.

शफीकभाईंनी वाचून दाखवलेला एक रोल मला चांगला आठवतो. बापू त्यात सावकाराचे गुंड होते. शफीकभाई काम करता करता वाचायचे, आणि काम करताना त्यांच्या ओठात टाचण्या असायच्या. त्यामुळं सगळे शब्द तोंडाच्या एका कोपऱ्यातून, दात न उघडता, बारीक यायचे. बापूंनी तसेच पाठ केले. सेटवर त्यांनी ओठ मिटून कोपऱ्यातून धमकी दिली, तेव्हा डायरेक्टर खुर्चीतून उठला म्हणे. "बापू, काय स्टाइल पकडलीय! कुठून आणली?"

"आमच्या गल्लीतून."

तो सिनेमा बघताना शफीकभाई पडद्याकडं बोट दाखवून सगळ्यांना सांगत होते, "ये मैं हूँ. देखो देखो, ये पूरा मैं हूँ." त्यांची बायको म्हणाली, "चुप बैठो, अब्बी मरने वाले तुम."

आईनं वाचलेला रोल सरपंचाचा होता. आई सातवी शिकलेली, वाचन खणखणीत. पण चुलीपुढं बसून वाचताना ती मधूनच मला आणि भावाला रागवायची. बापूंना कुठला शब्द डायलॉगमधला आणि कुठला आमच्यासाठीचा, हे वेगळं करता आलं नाही. सिनेमात सरपंच भर ग्रामसभेत गावकऱ्यांना म्हणतो, "तुमच्या जमिनीचा फैसला मी करीन," आणि पुढच्याच वाक्याला कमरेवर हात ठेवून, "आन् कितींदा सांगायचं रे, हात धुवून बसा!" डायरेक्टरला वाटलं, सरपंच गावाला तंबी देतोय. त्यानं ते तसंच ठेवलं. आख्खं टॉकीज हसलं. आईनं तोंडाला पदर लावला. पण घरी येताना रिक्षात ती दोनदा म्हणाली, "तसं मी वरडत नाय हां एवढं."

या वाचनामुळं सगळ्या सिनेमांची गोष्ट गल्लीला आधीच माहीत असायची. मोबाइलवर एक खुनाची मालिका आली होती. त्यात खुनी कोण, हे शेवटपर्यंत कुणाला कळू द्यायचं नव्हतं. कंपनीनं बापूंकडून तसं कागदावर लिहून घेतलं होतं. बापू काय करणार? पहिला खून त्यांचाच होता. त्यांनी गल्लीतल्या सगळ्यांना अंगणात बोलावलं आणि सांगितलं, "मला कुणी मारलं हे तुम्हाला ठावं हाय. पर माझी इज्जत तुमच्या हातात हाय." मालिका चालू असताना माझ्या कॉलेजातल्या मुली रोज डोकं लढवायच्या, खुनी बायको की ड्रायव्हर. मी खाली मान घालून डबा खायचे. गल्लीत लहान पोरांनीसुद्धा तोंड उघडलं नाही. शफीकभाईंच्या दुकानात एक गिऱ्हाईक पैजेवर सांगत होतं की ड्रायव्हरच आहे. शफीकभाईंनी घाईघाईनं ओठात सगळ्या टाचण्या धरल्या आणि माप घ्यायला लागले.

इंटरवलला उठायचं, हे मात्र आम्ही आपल्या मनानं ठरवलं नव्हतं. तो बापूंचाच नियम होता, आणि त्याला कारण होतं.

मी शाळेत असताना त्यांना एका सिनेमात साक्षीदाराचं काम मिळालं होतं. कोर्टातला सीन, सिनेमाच्या अगदी शेवटी. त्यात बापू जिवंत होते. बापूंनी आयुष्यात पहिल्यांदाच आधी सगळ्या पाहुण्यांनाही सांगितलं. जालन्याहून जावई आला, व्याही आले, दौलताबादहून भाऊ आला. आम्ही दोन रांगा भरून बसलो. इंटरवल झाला, कुणी उठलं नाही. कोर्ट आलं. वकील बोलले, जज्जानं हातोडा आपटला, हिरो सुटला आणि नावं वर जायला लागली. बापू आलेच नाहीत. कापले होते. छोट्या नटांना असलं कुणी कळवत नाही, हे मला तेव्हा माहीत नव्हतं. बापूंनाही माहीत नसावं, कारण दिवे लागल्यावरही ते पडद्याकडंच बघत होते. व्याही म्हणाले, "पाणी पिऊन येतो." जावई मोबाइल बघायला लागला. परत येताना छावणीच्या पुढं आल्यावर रिक्षात बापूच म्हणाले, "यापुढं इंटरवलला उठत जावा. त्याच्यापुढं आपलं काय नसतंय."

त्यानंतर त्यांनी कधी तक्रार केली नाही. पण एक इच्छा त्यांच्या मनात राहून गेली होती आणि ती सगळ्या गल्लीला माहीत होती. एकदा तरी इंटरवलनंतर दिसायचं. हिरो नको, मोठं नाव नको. नुसतं जिवंत राहायचं. कधी कधी अंगणात बांधलेल्या शेळीच्या तोंडातून पाला ओढून काढता काढता मधूनच म्हणायचे, "लोकं समोसा खाऊन परत येतेत, तवा माणूस जागेवर पायजे."

मागच्या उन्हाळ्यात कोऑर्डिनेटरचा फोन आला. मी तेव्हा काकूंकडं विरजण मागायला गेले होते. एक नवीन डायरेक्टर मॅडम आहेत, छोटा सिनेमा आहे, हिरोईनच्या आज्याचं काम आहे, असं तो सांगत होता.

"मरतो कधी?" बापूंनी विचारलं.

"मरत नाही, बापू."

"इंटरवलनंतर मरतो का मग?"

"तेव्हापण नाही."

"शेवटाला आजारी बिजारी?"

"अहो ठणठणीत आहात. शेवटपर्यंत आहात."

फोन तसाच चालू होता. तिकडून तो हॅलो हॅलो करत होता. काकूंनी चमचा ठेवला आणि फोनपाशी जाऊन म्हणाल्या, "ओ भाऊ, ह्या माणसाची चेष्टा करू नका. एकदा झालीय."

चेष्टा नव्हती. पण मॅडमनी आधी एक सीन करून बघायला सांगितला होता. तो आवडला तर काम पक्कं. सीन असा होता की आजा नातीला घेऊन शहरातल्या कॉलेजात येतो. ॲडमिशनची तारीख गेलेली असते. खिडकीवरची बाई आत घेत नाही. मग आजा बोलतो. पानभर. इंटरवलनंतरचा सीन.

बापूंना पानभर डायलॉग कधीच मिळाला नव्हता. गल्लीत कोण वाचणार यावरून कुरबूर सुरू झाली. शफीकभाई म्हणाले, मेरी आवाज में वजन है. आई म्हणाली, रडायचा सीन मर्दांनी वाचू नये. मी पण मनातून तयार होते. कॉलेजात जाणारी मीच, मलाच बोलावतील असं वाटत होतं.

बापू संध्याकाळी आमच्या दारात आले आणि अण्णांना म्हणाले, "तू वाच."

अण्णा म्हणजे माझे वडील. वाळूजला एका कंपनीत कामाला आहेत. गावाकडं जमीन थोडी, भाऊ जास्त, म्हणून इकडं आले. चौथीपर्यंत शाळा झाली. फार कमी बोलतात. बसमध्ये, घरात, कुठंच. आई म्हणते, लग्नात पण ह्यांच्या वतीनं भटजीच बोलले.

"मला धड वाचता येत नाय, बापू," अण्णा म्हणाले. "अडखळतो मी."

"म्हणून तर."

"ही हाय ना," अण्णांनी माझ्याकडं बोट केलं. "कालेजात हाय. सरळ वाचती."

"पोरगी सरळच वाचणार. ती आतली हाय." बापू पायरीवर बसले. "ह्या गल्लीत पोरीला नेऊन कालेजाच्या खिडकीपुढं उभा राहिलेला माणूस एकच हाय. मला तो पायजे."

अण्णा राहिले होते उभे. माझ्या ॲडमिशनला ते पहिली शिफ्ट सोडून आले होते. कंपनीचं ओळखपत्र गळ्यात तसंच. बोलायच्या आधी ते शर्टाच्या खिशाला हात लावत होते, खिशात काही नसताना. खिडकीवरच्या बाईंनी विचारलं, "तुम्ही कोण?" अण्णांनी खिशाला हात लावला, घसा साफ केला आणि म्हणाले, "बाप." मला तेव्हा वाटलं होतं, वडील तरी म्हणायचं. मागच्या मुली हसल्या होत्या.

पुढचे काही दिवस पहिली शिफ्ट संपली की अण्णा चहा पिऊन बापूंच्या अंगणात जायचे. अट अशी होती की कुणी ऐकायला यायचं नाही. गल्लीनं अट पाळली. म्हणजे सगळे आपापल्या दारात कान देऊन बसायचे, पण अंगणात कुणी जायचं नाही. अण्णा एकेक शब्दावर बोट ठेवून वाचायचे. जोडाक्षर आलं की थांबायचे. बापू घाई करायचे नाहीत. आई भाकरी थापता थापता म्हणायची, "माझ्याशी दिवसाला चार शब्द, आन् तिकडं पानभर बोलतोय बघ माणूस." पण ती भाकरी आवाज न करता थापत होती.

सीन झाला. काम मिळालं. शूटिंग शहरातच एका बंद पडलेल्या शाळेत होतं. पहिल्या दिवशी बापू घरी आले तेव्हा सवयीनं बादली अंगणात ठेवलेली होती, पाला घातलेला. काकू उंबऱ्यात.

"मरून आलात का?"

"नाय."

त्या साक्षीदाराच्या कामानंतर इतक्या वर्षांत काकूंना हे उत्तर मिळालंच नव्हतं. त्या बाजूला झाल्या, बापू चपला काढून सरळ आत गेले. बादलीतलं पाणी काकूंनी शेळीपुढं ठेवलं. शेळीनं पाला खाल्ला.

सिनेमा आला तो दिवाळीच्या आधी. बापूंनी या वेळी कुणालाही सांगितलं नाही. जावयाला नाही, व्याह्यांना नाही. गल्लीला सांगायची गरजच नव्हती. टॉकीजमध्ये इंटरवलपर्यंत बापू आमच्या रांगेत बसले. पडद्यावर आजा शेतात होता, घरात होता, बैलगाडीत होता. जिवंत होता. दिवे लागले. आम्ही कुणी उठलो नाही.

बापू उठले.

"कुठं चाललात?" काकूंनी विचारलं.

"इथंच हाय बाहेर. तुम्ही बघा. असलो तर सांगा."

काकूंनी धोतर धरलं होतं, सोडलं. दारावरचा माणूस आत डोकावला. "आज उठत नाही का कुणी?"

"आज नाय," शफीकभाई म्हणाले.

"मग गेले नाहीत?"

"मालूम नै. देख रैं."

दुसरा भाग सुरू झाला. आधी एक गाणं. मग हिरोईन आणि तिची मैत्रीण. मग हिरोईनचा चुलता, त्याचं भांडण. बापू नाहीत. आईनं माझा हात धरला होता, तो दुखायला लागला. पुन्हा चुलता. शफीकभाई दातावर दात ठेवून म्हणाले, "इस चाचा को काटना था." मग एसटी स्टँड आलं. गर्दी. गर्दीतून एक पोरगी आली आणि तिच्यामागं पिशवी घेऊन बापू.

कुणी ओरडलं नाही. काकू फक्त "हां" म्हणाल्या, डोक्यावरचं ओझं खाली ठेवताना म्हणतात तसं.

मग खिडकी आली. बाईनं विचारलं, काय काम आहे. बापूंनी लगेच उत्तर दिलं नाही. त्यांनी शर्टाच्या खिशाला हात लावला. घसा साफ केला. आणि ते बोलायला लागले, एकेक शब्द वेगळा, जोडाक्षराशी थोडं थांबून, जसं अंधारात पायरी चाचपावी. "बाई, मला इथलं काय कळत नाय. मी तिला फक्त इथवर आणलंय. इथून पुढं ती चालंल. तुम्ही तेवढं दार उघडा." पानभर होतं, सगळं मला सांगता येणार नाही. मागं कुणी हसलं नाही. मी अण्णांकडं बघितलं नाही. का ते माहीत नाही, पण मान वळवली नाही.

सीन संपता संपता अण्णा उठले आणि लोकांचे गुडघे ओलांडत बाहेर गेले. मला वाटलं, त्यांना लाज वाटली. मी मागं धावले.

बापू पार्किंगमध्ये कुणाच्या तरी स्कूटरवर बसून शेंगा खात होते. अण्णांना बघून त्यांचा हात थांबला.

"कापलं?"

"नाय. जित्ते हायेत तुम्ही."

"कुठवर?"

"अजून चालूच हाय. चला लवकर."

बापू स्कूटरवरून उतरले, पण लगेच चालले नाहीत. टरफलं वेचून पिशवीत टाकत राहिले. "खिडकीचं झालं?"

"झालं."

"बरं झालं का?"

अण्णांनी शर्टाच्या खिशाला हात लावला. "मी असा बोलतो व्हय, बापू?"

"छ्या. तू लई बरा बोलतोस. मी दोन जागी चुकलो."

अण्णा हसले. मोठ्यानं, तोंड उघडून. मी त्यांना तसं हसताना फार वेळा बघितलेलं नाही. मग त्यांनी बापूंच्या दंडाला धरलं आणि दोघं दारातून आत गेले. दारावरच्या माणसानं पडदा उचलून धरला.

आत अंधार होता. पडद्यावर आजा कॉलेजच्या आवारातल्या बाकावर बसला होता, नात वर्गात गेलेली, आणि तो एकटाच डबा उघडत होता. बापू मधल्या वाटेत थांबले. खुर्चीकडं गेलेच नाहीत. अण्णाही त्यांच्याशेजारी थांबले. दोघं तसेच उभे, माना वर करून. बापूंच्या हातातली शेंगांची पिशवी तशीच हातात होती.

मागच्या रांगेतून कुणीतरी खेकसलं, "ओ बाबा, खाली बसा ना! तुमच्यामुळं म्हातारा दिसंना!"

"हां हां," बापू घाईघाईनं म्हणाले, आणि अण्णांना ओढून तिथंच पायरीवर बसले.